लाल पट्टी नसलेला दोर

आम्रपाली ओव्हाळ गिर्यारोहक आहे असं कळलं की लोक आधी तिच्या दंडांकडे बघतात आणि मग ठरलेला प्रश्न टाकतात, "तुम्हाला भीती नाही वाटत?" या प्रश्नाचा तिला इतका कंटाळा आलाय की हल्ली ती नुसतीच हसते. खरं सांगितलं तर कोणाचा विश्वास बसायचा नाही. अख्ख्या विश्रांतवाडीत हिच्याइतकी भित्री बाई शोधून सापडणार नाही! लिफ्टमध्ये ती एकटी पाऊल ठेवत नाही. गॅस बंद केलाय की नाही ते बघायला अर्ध्या जिन्यातून परत जाते आणि खाली आल्यावर कुलूप नीट लागलंय का ते बघायला पुन्हा वर जाते. आळंदी रस्ता ओलांडताना चाळिशी उलटलेली ही बाई शेजारच्या अनोळखी माणसाची बाही धरते. आता बोला.

आणि हीच बाई दर उन्हाळ्यात कॅमेरा पाठीला बांधून हिमालयात जाते. झाडं संपतात, गवत संपतं, नुसता दगड आणि बर्फ उरतो, तिथे जाऊन फिल्म काढते. तिच्या फिल्ममध्ये माणूस नसतो. कड्यावर उभी राहून खालच्या दरीकडे टक लावून बघणारी रानमेंढरं असतात, बर्फ वितळला की महिनाभरासाठी उगवणारी बोटभर फुलं असतात, आणि वारा असतो. एवढ्या फिल्मवर पोट भरत नाही हे सांगायला नकोच. म्हणून हिवाळाभर ती पुण्यातली लग्नं शूट करते. हळद, वरात, रुसलेली आत्या, सगळं. नवरा-नवरी स्टेजवर कशी उभी राहणार यापेक्षा स्टेजच्या फळ्या कशा ठोकल्यात याकडेच तिचं लक्ष असतं. स्वतःच्या लग्नाचं मात्र तिने कधी मनावर घेतलं नाही. कोणी विचारलंच तर म्हणते, "मंडपाची भीती वाटते."

या भीतीचं करायचं काय हे मात्र तिला डोंगराने शिकवलं. वर गेलं की ही कटकटी बाई सोन्याची होते. प्रत्येक गाठ दोनदा बघणार, दुसऱ्याचीही बघणार, आणि दुपारी ऊन चढून वरचे दगड सुटायला लागायच्या आत सगळ्यांना हाकलून तंबूत घालणार. सोबतचे वैतागतात, नावं ठेवतात, आणि पुढच्या वेळी पुन्हा हिच्याच बरोबर जातात. वीस वर्षांत तिच्या सोबत गेलेल्या कोणाला साधी बोटाची जखम घेऊन परत यावं लागलं नाही.

घरी मात्र भीतीचा दुसरा कारखाना होता. वडील संभाजी ओव्हाळ, महापालिकेत पाणी सोडायच्या कामावरून निवृत्त झालेले. पोरीला त्यांनी कधी "जाऊ नकोस" म्हटलं नाही. शिकायचं, पुढे जायचं, कोणाला विचारत बसायचं नाही, हे त्यांनीच तिला लहानपणापासून सांगितलेलं. आता कुठल्या तोंडाने अडवणार? पण ती निघाली की ते दाढी करायचं बंद करत. सकाळची वंदना झाली की गॅलरीत खुर्ची टाकून बसत आणि फोन वाजला की उचलत नसत, बायकोला उचलायला लावत. शालनबाई फोनवर "हां, बोला" म्हणेपर्यंत त्या माणसाचा श्वास अडकलेला असे. पोरगी परत आली की विचारत, "कसं झालं?" आणि पोरगी सांगे, "मस्त. फुलं होती. रानमेंढरं होती." बस्स. दगड, भेगा, रात्रभर गडगडत खाली येणारा बर्फ यातलं अक्षर त्या घरात कधी निघालं नाही. आधीच अर्धा झालेल्या माणसाला आणखी काय सांगायचं, असा तिचा हिशेब.

म्हणून यंदा तिच्या गिर्यारोहण मंडळाच्या दिगंबरदादाने पालक दिवसाची कल्पना काढली तेव्हा तिनेच वडिलांच्या मागे भुणभुण लावली. दिगंबरदादा म्हणजे हडपसरचा. मंडळाचं सगळं सामान त्याच्या घरावरच्या खोलीत असतं. त्याचं म्हणणं, पोरं डोंगरात जातात आणि आईबाप घरी बसून नको नको ते मनात आणतात. त्यांना एकदा दोराला बांधा, चार हात वर चढवा, मग कळेल की हा दोर काय चीज आहे. सासवड रस्त्याच्या आत एक बंद पडलेली दगडाची खाण आहे, तिचा कडा शिकाऊ लोकांना चढायला बरा. तिथेच रविवारी सगळ्या पालकांना न्यायचं ठरलं.

संभाजीराव आधी "छे छे" म्हणाले. मग म्हणाले, "तू असशील तर बघू." ती म्हणाली, "असणारच." आणि शनिवारी तिला कळलं की फिल्म महोत्सवाला पाठवायची मुदत सोमवारपर्यंतच आहे. "तुम्ही आईबरोबर पुढे व्हा," ती म्हणाली. "मी काम उरकून दुपारपर्यंत येते. मी येईपर्यंत चढू नका." तिला एकदाच, फक्त एकदाच, वडिलांनी बिनघोर झोपलेलं बघायचं होतं.

तर रविवारी सकाळी ती कोथरूडला, बिलकिस तांबोळीच्या एडिटिंगच्या खोलीत बसली होती. बिलकिस तिची जुनी मैत्रीण, तोंडाची फटकळ. तिला डोंगर आवडत नाही, कारण डोंगरावर चहाची टपरी नसते. पण चित्राचं तिला जे कळतं ते भल्याभल्यांना कळत नाही. फिल्मची सुरुवात कुठल्या दृश्याने करायची यावर दोघींचं घोडं अडलं होतं.

"हे बघ," बिलकिस म्हणाली, "पांढराशुभ्र बर्फ आणि त्यावरून जाणारा हा नारिंगी दोर. काय दिसतोय गं! यानेच सुरू करू."

"लाव," आम्रपाली म्हणाली.

बिलकिसने तुकडा अगदी पहिल्यापासून लावला. चित्र सुरू व्हायच्या आधीचा आवाज आला. वारा, बुटांची करकर, आणि मग आम्रपालीचाच आवाज, घाईचा, त्रासलेला: "अरे, ती लाल पट्टी काढा आधी! फ्रेममध्ये घाण दिसतेय. नंतर लावू."

बिलकिस हसली. "बघ, तिथे जाऊनही झाडलोट चालूच."

आम्रपाली हसली नाही.

गिर्यारोहकांत एक साधा नियम असतो. दोरावर दगड पडला, किंवा तो धारेवर घासला, आणि आतला पीळ दुखावला की तो दोर मेला. वरून तो नवाकोरा दिसेल, पण त्यावर जीव टाकायचा नाही. डोंगरावर कचरा टाकता येत नाही म्हणून तो परत आणावा लागतो, आणि घरी आणून त्याचे तुकडे करेपर्यंत त्याच्या दोन्ही टोकांना लाल पट्टी गुंडाळून ठेवतात. हिच्या मंडळात हे कोणी लिहून ठेवत नाही, सांगत बसत नाही. लाल पट्टी दिसली की हात लावायचा नाही. नाही दिसली, तर दोर चांगला. सगळा विश्वास त्या पट्टीवर.

हा नारिंगी दोर यंदाच हिमनदीवर मेला होता. वरून सुटलेला नारळाएवढा दगड त्याच्यावर बसला. वर फक्त काळा डाग पडला, पण आम्रपालीने बोटांनी चाचपून बघितलं तर टोकापासून थोड्या अंतरावर आतून पोकळ लागलं, पिकल्या केळ्यासारखं मऊ. तिनेच तो बाद केला, तिनेच पट्ट्या लावल्या. आणि दोनच दिवसांनी, चांगला दोर निळा, तो बर्फावर उठून दिसेना म्हणून, नुसता बर्फावर पसरायला तिने हा मेलेला दोर बाहेर काढला. त्याला कोणी बांधलेलं नव्हतं, धोका काहीच नव्हता. फक्त पट्टी डोळ्यांत खुपत होती. शॉट झाला, तोवर ढग उतरले, बर्फ पडायला लागला, आणि सगळं सामान दिसेल तसं पिशव्यांत कोंबून ते पळत सुटले.

नंतर लावू. कोणी लावली? तिने खूप आठवून बघितलं. कोणीच नाही. पुण्यात उतरल्यावर सामान स्टेशनवरूनच दिगंबरदादाच्या टेम्पोत गेलं, आणि ही तापाने फणफणत घरी गेली. तिच्या डोक्यात दोराला पट्टी होतीच. जी बाई कुलूप लागलंय का ते बघायला दोनदा जिने चढते, ती हे एकदाही बघायला गेली नाही. काय म्हणायचं हिला?

"काय झालं गं? पांढरी पडलीस," बिलकिसने विचारलं.

"तो दोर... बिलकिस, तो दोर आज खाणीवर गेला असेल."

फोन लावताना तिची बोटं चुकत होती. दिगंबरदादाचा फोन संपर्क क्षेत्राच्या बाहेर. खाणीच्या खड्ड्यात रेंज येत नाही हे तिला माहीत होतं, तरी तिने पुन्हा लावला, पुन्हा लावला. मग आईचा लावला. वाजला! शालनबाईंनी उचलला सुद्धा.

"हां आमू! अगं, काय मजा चाललीये इथे. मी जरा वर आलेय पाणी घ्यायला. तुझे बाबा तर ऐकेचनात, तू यायच्या आत चढून दाखवतो म्हणतात. त्यांच्या आधी बरेच जण आहेत म्हणा. तो नवीन दोर..."

"आई, ऐक! आई, बाबांना..."

कट. पुन्हा लावला, तर तोही संपर्क क्षेत्राच्या बाहेर. आई पाण्याची बाटली घेऊन खड्ड्यात उतरली असणार.

नवीन दोर! आईला नवीन वाटला म्हणजे नारिंगीच. आणि दिगंबरदादाने तो का काढला असेल तेही तिला लख्ख दिसलं. मंडळाचे बाकीचे दोर मळके, पिसं निघालेले. आईबाप आधीच भेदरलेले. त्यांच्यासमोर जुनाट दोर कशाला? त्यातल्या त्यात छान दिसणारा घ्या. तिनेही छान दिसावा म्हणूनच तर काढला होता.

"ऊठ," बिलकिस म्हणाली. तिने कॉम्प्युटर तसाच चालू ठेवला आणि स्कूटरची किल्ली उचलली. "तू चालवू नकोस. मागे बस आणि फोन लावत राहा."

बिलकिसच्या मागे बसणं म्हणजे एरवी आम्रपालीच्या दृष्टीने आत्महत्या. त्या दिवशी तिला वेग कमी वाटत होता. कर्वे रस्त्यावर सिग्नल लागला, बिलकिसने तो मोडला. स्वारगेटला रिक्षावाल्याने आडवी घातली, बिलकिसने त्याचा उद्धार केला. पुढे रेसकोर्स, मग सोलापूर रस्ता. आम्रपाली एका हाताने बिलकिसचा खांदा आवळून दुसऱ्या हाताने फोन लावत होती आणि तीच बाई, तोच गोड आवाज तिला सांगत होता की आपण संपर्क करू इच्छिता ती व्यक्ती... तिला तो फोन रस्त्यावर आपटावासा वाटला.

"दुसरा दोर असेल ना गं मदतीला?" बिलकिस ओरडून विचारत होती. "दोन-दोन बांधत असाल ना?"

"अशा चढाईत एकच असतो."

"एकच?"

"वरच्या कडीतून खाली आलेला एकच दोर. एका टोकाला चढणारा. दुसरं टोक खालच्या माणसाच्या हातात. चढणाऱ्याचा हात सुटला तर त्याचं सगळं वजन दोरावर. आणि खाली येताना तर दोरावर बसूनच यायचं."

बिलकिसने वेग वाढवला.

आम्रपालीच्या डोळ्यांपुढे मात्र नको ते उभं राहत होतं. किती जणांचे आईवडील त्यावर बसून उतरले असतील? दर उतरण्याला तो आतला पीळ आणखी उसवत असेल. कदाचित काही होणार नाही. मेलेला दोरसुद्धा कधी कधी वर्षभर टिकतो. पण कदाचित पुढच्याच माणसाच्या वजनाने तो तुटेल, आणि पुढचा माणूस दाढी न करता गॅलरीत बसणारा. आयुष्यभर तो तिच्यासाठी घाबरला आणि आयुष्यात पहिल्यांदा धीर केला तो तिच्या हट्टापायी. हडपसर गाडीतळावर रविवारची तोबा गर्दी. हातगाड्या, बस, सहा आसनी रिक्षा, जागचं काही हलेना. ती स्कूटरवरून उतरली आणि गर्दीत हात वर करून ओरडायला लागली, "बाजूला व्हा! अहो, माझे वडील आहेत हो तिकडे!" लोकांना काही कळलं नाही, पण त्या आवाजाने ते बाजूला झाले.

सासवड रस्ता सोडून खाणीकडची मातीची वाट लागली तेव्हा टाळ्या ऐकू आल्या. टाळ्या! म्हणजे अजून सगळं ठीक होतं. ती धावत सुटली आणि कठड्यापाशी येऊन तिने खाली बघितलं.

खाणीच्या तळाला पालकांचा घोळका, डबे, सतरंज्या. समोरच्या कड्यावर दोन दोर सोडलेले, एक निळा, एक नारिंगी. निळ्यावर कोणी नव्हतं. नारिंगीला तिचे वडील बांधलेले होते.

ते अर्ध्याच्या वर पोहोचले होते. दोन मजली घराच्या गच्चीवर उभं राहावं एवढ्या उंचीवर, पांढरा सदरा, कमरेला दोराचा पट्टा, गाल कड्याला टेकवलेला. आणि त्यांच्या डोक्यावर हातभर अंतरावर, नारिंगी दोरावर, तो काळा डाग.

किंचाळी तिच्या ओठांपर्यंत आली. ती तिने गिळली. ती किंचाळली असती तर ते दचकले असते. दचकले असते तर हात सुटला असता. हात सुटला असता तर सगळं वजन त्या डागावर. ती चोरपावलांनी पण धावतच खाली उतरली. खाली अभय, मंडळातला तरणा गडी, दोराचं दुसरं टोक धरून मान वर करून उभा होता. तिने त्याच्या कानाशी तोंड नेलं.

"अभय, हा मेलेला दोर आहे. ताणू नकोस. सैल ठेव. चेहरा नीट ठेव."

अभयच्या तोंडचं पाणी पळालं, पण त्याने दोर हळूच सैल केला. दिगंबरदादा जवळ आला, तिच्या तोंडाकडे बघून त्याला काय समजायचं ते समजलं. "पट्टी नव्हती गं..." तो पुटपुटला. "सकाळी घाईत हातातून नुसताच ओढून काढला."

"मी काढायला लावली होती. निळा दे मला. लवकर."

वरून आवाज आला, "आमू? आलीस का गं?"

"आले बाबा!" ती म्हणाली, आणि तिचं तिलाच नवल वाटलं, कारण तो आवाज लग्नातला होता, नवरीला हसवण्यासाठी काढायचा तो. "वा, काय उभे राहिलात! हलू नका हं तिथून. मला शॉट घ्यायचाय."

"अगं, पाय लटपटतायत. दिगंबर म्हणाला दमलं की दोरावर बसायचं. जरा बसतो."

"नाही!"

घोळक्यातली दोन-चार डोकी तिच्याकडे वळली. तिने आवाज पुन्हा मऊ केला.

"नाही बाबा, बसल्यावर चेहरा दिसत नाही. दोन्ही हात तसेच राहू देत. उजव्या पायाखाली चांगली जागा आहे, त्यावर भार द्या. झालं. मी येतेच तिकडे जवळून घ्यायला."

बोलता बोलता तिने पट्टा कमरेला चढवला, निळा दोर बांधला. आयुष्यात पहिल्यांदा गाठ तिने एकदाच बघितली. दिगंबरदादाने निळ्याचं दुसरं टोक धरलं आणि ती चढायला लागली. चढणं सोपं होतं. शिकाऊंचा कडा तो. पण हात घामाने निसटत होते, आणि सगळा वेळ तिला बोलत राहायचं होतं. काय बोलत होती देव जाणे. "मान जरा इकडे. हसा की! आई बघतेय खालून." खाली शालनबाई खरंच हात हलवत होत्या. बिलकिस त्यांच्या शेजारी उभी राहून तोंडावर ओढणी दाबून धरून होती.

"आमू, हात भरून आला गं. सुटतोय."

"सुटत नाही. आले मी. आले बाबा, आलेच."

शेवटचे दोन हात ती कशी चढली ते तिला नंतर आठवलं नाही. तिने स्वतःच्या पट्ट्याची कडी वडिलांच्या पट्ट्यात घातली. कट्ट, असा बारीक आवाज आला. तिने ती ओढून बघितली. पुन्हा ओढून बघितली. मग एक हात त्यांच्या पाठीवर ठेवला. सदरा घामाने चिंब होता आणि आत छाती धडधडत होती.

"आता बसा," ती म्हणाली. "आता खुशाल बसा बाबा."

ते बसले. निळा दोर ताणला गेला आणि दोघं सावकाश खाली आली. त्यांच्या डोक्यावर नारिंगी दोर नुसताच लोंबत होता.

टाळ्यांचा कडकडाट झाला. पालकांना वाटलं, काय सुंदर कार्यक्रम, मुलगी वडिलांना कुशीत घेऊन उतरली! कोणीतरी फोटो काढले. शालनबाईंनी डब्यातला शिरा काढला. आणि संभाजीराव! त्या माणसाचा चेहरा असा उजळलेला आम्रपालीने कधी बघितला नव्हता.

"शालन, बघितलंस? अगं, काहीच नसतं! दोर असतो. दोर आहे म्हटल्यावर कसली भीती?" ते शिऱ्याचा घास हातात धरूनच बोलत होते. "इतकी वर्षं जीव टांगणीला लावून बसलो मी. वेडा की काय! आमू, आता तू कुठे जायचं तिथे जा. मी निवांत झोपणार."

हेच तर तिला ऐकायचं होतं. यासाठीच तिने त्यांना इथे आणलं होतं. दिगंबरदादा, अभय, बिलकिस, तिघं तिच्याकडे बघत होते, आणि तिघांच्याही डोळ्यांत एकच होतं: राहू दे, बोलू नकोस, झालं ते झालं. काही वाईट झालं नव्हतं. नुसतं गप्प बसायचं होतं, आणि गप्प बसायची तर तिला वीस वर्षांची सवय. फुलं होती, रानमेंढरं होती, शॉट घेतला. बस्स. पुढच्या उन्हाळ्यात हा माणूस रात्री घोरत पडला असता.

तिने उठून नारिंगी दोर ओढून घेतला. वडिलांसमोर सतरंजीवर बसली. काळा डाग शोधला आणि तिथे दोर दुमडला. चांगला दोर दुमडला की कमान होते. हा भिजलेल्या नाडीसारखा मिटला, आणि वरचं कापड ताणून फाटलं. आतून पांढरे तंतू बाहेर आले, तुटलेले.

"बाबा, तुम्ही याला बांधलेले होतात."

संभाजीरावांचा घास हातातच राहिला. तिने सगळं सांगितलं. दगड, पट्टी, शॉट, कोथरूडहून निघाल्यापासूनचं सगळं. एक शब्द गाळला नाही. कोणाची तरी आई मघाशी याच दोरावरून उतरली होती, ती मटकन खाली बसली.

"म्हणजे वर आलीस तेव्हा तुला माहीत होतं," संभाजीराव म्हणाले.

"हो."

"म्हणून गोड बोलत होतीस."

"हो."

त्यांनी बोट पुढे करून ते तंतू चाचपले. मग अगदी हळू विचारलं, "हा दगड पडला तेव्हा दोराला कोण होतं?"

यावर आम्रपालीला खोटं सुचलं नाही असं नाही. दोन-तीन सुचली.

"मी होते बाबा."

शालनबाईंनी डब्याचं झाकण लावायला घेतलं होतं, ते त्यांच्या हातातून सुटून खडकावर आपटलं. संभाजीराव उठायला गेले आणि उठता येईना. अभयने धरून त्यांना पुन्हा बसवलं.

"म्हणजे मी घाबरत होतो ते काही उगाच नव्हतं," ते म्हणाले.

"नव्हतं."

"आणि तू पुन्हा जाणार."

तिने मान हलवली. आता ते ओरडतील, नाहीतर शपथ घालतील, नाहीतर रडतील, असं तिला वाटलं.

संभाजीरावांनी हातातला घास डब्यात परत ठेवला. मग म्हणाले, "जा. पण ते फुलं नि मेंढरं आता बंद कर. काय झालं ते खरं सांगत जा मला. घाबरायचंच आहे ना, मग नीट माहिती घेऊन घाबरेन."

आम्रपालीला रडू फुटलं. इतक्या माणसांत ती हुंदके देऊन रडली आणि बिलकिसने तिला गप्प केलं नाही.

परत जाताना मंडळाच्या गाडीत संभाजीराव तिच्या शेजारी बसले. हडपसर गेलं, पूल गेले, आळंदी रस्ता लागला. ते खिडकीबाहेर बघत होते. विश्रांतवाडी येईपर्यंत त्यांनी तिचं मनगट सोडलं नाही.